रडकीच्या गल्लीचा खण

मी कबुतरखाना बोलतोय. नावावर जाऊ नका. माझ्यात आजवर एकही कबूतर बसलेलं नाही. एकदा एक चिमणी आली होती. वरच्या ओळीतल्या तिसऱ्या खणात तिने दोन काड्या ठेवल्या, चार दिवस विचार केला आणि काड्या तशाच टाकून निघून गेली. बस्स, पाखरांशी माझा संबंध तेवढाच.

मी लाकडाचा आहे. आडवे आठ आणि उभे सहा, असे माझे अठ्ठेचाळीस खण. टपाल कार्यालयाच्या मागच्या खोलीत, खिडकीच्या उजव्या हाताला भिंतीशी उभा राहून मी चाळीसहून जास्त वर्षं काढली. थैली टेबलावर ओतायची, एकेक पत्ता वाचायचा, आणि ज्या भागातलं पत्र असेल त्या भागाच्या खणात ते टाकायचं, असं तिथलं काम. काम माणसाचं. मी नुसता आ वासून उभा. पण जो आ वासून उभा असतो त्याच्या कानावर पुष्कळ पडतं.

माझी शाळा तेवढीच. पाकिटं बघून बघून अक्षर ओळखायला शिकलो. तेव्हा माझ्याकडून फार शहाणपणाचं काही ऐकायला मिळेल अशी आशा धरू नका. शिवाय मला घाई जमत नाही. बसा जरा.

मला घडवलं त्या सुताराकडे एका जातीचं पुरेसं लाकूड नव्हतं. पाठीला खोक्यांच्या फळ्या, उभ्याला एक मोडकं दार, आणि आडव्याला कुठल्यातरी शाळेचा बाक. म्हणून माझ्या एका फळीवर कडीची भोकं आहेत आणि एकीवर कुणीतरी कंपासच्या टोकाने काढलेलं घोड्याचं तोंड आहे. मला आणून उभं केलं तेव्हा पोस्टमास्तरांनी चष्मा कपाळावर चढवला आणि म्हणाले, "हे काय रे, कबुतरखाना केलास की!"

सुतार म्हणाला, "साहेब, तुम्हीच कागदावर असं काढून दिलं होतं."

सगळे हसले. सरकारी यादीत मी 'लाकडी मांडणी, नग एक' आहे. पण त्या दिवसापासून जो येईल तो मला कबुतरखानाच म्हणू लागला. नाव असंच पडतं. देणारा देऊन मोकळा होतो, विसरूनही जातो. ज्याला पडतं तो ते जन्मभर वागवतो.

मी उभा राहिलो त्याला दोनेक वर्षं झाली असतील, तेव्हा तो आला. एकोणीस वर्षांचा, हडकुळा, बोलायला कंजूष. त्याला पत्रं लावायच्या कामावर घेतलं होतं. हमाल थैल्या आणि पार्सलं दारातून धाडकन आत फेकायचे. हा टेबलामागून मान वर न करता म्हणायचा, "हळू. कुणाचं तरी आहे."

रोज. दिवसातून दहा वेळा. हमाल त्याला बघून एकमेकांना ढोसायला लागले, "हळू टाक बाबा, हळूभाऊ बसलेत." झालं. तो हळूभाऊ झाला.

पुढे ते हमाल गेले, पोस्टमास्तर बदलले, आणि नव्या लोकांनी ठरवून टाकलं की हा काम सावकाश करतो म्हणून हळूभाऊ. तसा तो सावकाश होताच, त्यामुळे कुणाला शंका आली नाही. त्याने कुणाला सांगितलंही नाही. खरं कारण ठाऊक असलेला शेवटी मी एकटा उरलो.

आता माझ्या खणांविषयी. प्रत्येक खणाखाली छापील चिठ्ठी होती. तिच्यावर रस्त्याचं कागदावरचं नाव. ही नावं दर पाच-सात वर्षांनी बदलायची. कुणी मोठा माणूस गेला की एक रस्ता त्याला, दुसरा मोठा झाला की तोच रस्ता त्याला. लोक मात्र पत्रावर आपल्या तोंडातलंच नाव लिहीत. म्हणून हळूभाऊने प्रत्येक छापील चिठ्ठीच्या वर, थेट माझ्या लाकडावर, पेन्सिलीने ते तोंडातलं नाव लिहून ठेवलं.

नवा पोस्टमन आला की हळूभाऊ त्याला माझ्यासमोर उभा करायचा. म्हणायचा, "नावं पाठ करू नकोस. नाव का पडलं ते ऐक. मग पाय आपोआप तिकडे वळतात."

आणि सांगायचा. हा आलोच कोपरा. इथे एक चांभार होता. त्याच्या दुकानावर कायम पाटी लटकलेली, 'आलोच'. चांभार पलीकडे चहा पीत बसलेला. गिऱ्हाइकं तिथे उभी राहून राहून एकमेकांच्या ओळखीची झाली, दोन लग्नं जमली. चांभार गेला, पाटी गेली, पण अजून कुणाला भेटायचं असलं की लोक म्हणतात, आलोच कोपऱ्यावर थांब. हा शिट्टीचा उतार. दूधवाल्याच्या सायकलला ना घंटी ना ब्रेक, म्हणून तो वरून खालपर्यंत शिट्टी मारत यायचा. ही उंच पायरी. जिना बांधणाऱ्या गवंड्याला काम चालू असताना मुलगी झाल्याचा निरोप आला, त्या आनंदात त्याची शेवटची पायरी चार बोटं उंच झाली. सगळं गाव तिथे ठेचकाळतं. आणि ठेचकाळलेला माणूस अजून त्या मुलीच्या नावाने ओरडतो. ती आता स्वतः आजी आहे.

माणसांच्या नावांचंही तसंच. दुसऱ्या ओळीतल्या पाचव्या खणात एकाच नावाच्या चार बायकांची पत्रं यायची. चौघी एका वर्षात जन्मलेल्या. त्या वर्षी तापाची साथ होती, आणि एक नर्स दोन महिने घरी न जाता तिथे राबली. साथ सरली, नर्स बदलून गेली. त्यानंतर झालेल्या चारही मुलींना चार घरांनी, एकमेकांना न विचारता, तिचंच नाव ठेवलं. पोस्टमनची पंचाईत. मग एक चष्म्याची, एक दुकानाची, एक माडीवरची आणि एक नुसतीच. त्या नुसतीला फार राग यायचा. हळूभाऊला एकदा दारात गाठून म्हणाली, "मला पण काहीतरी लावा की!"

असे सत्तेचाळीस खण. अठ्ठेचाळिसावा, सगळ्यात खालच्या ओळीतला शेवटचा, भिंतीकडचा, कोरा होता. खाली छापील 'आठवी आडवी गल्ली', वर काही नाही. नवा पोस्टमन विचारायचा, "आणि ह्याला लोक काय म्हणतात?"

"पुढच्या वेळी सांगतो," हळूभाऊ म्हणायचा. ती पुढची वेळ कधी आली नाही.

त्या खणावर पूर्वी नाव होतं. त्यानेच लिहिलेलं. ते कसं गेलं ते मी पाहिलंय.

शिक्के मारायच्या टेबलावर एक जण होता. त्याला सगळे रेडिओ म्हणत, कारण तो सकाळी सुरू व्हायचा तो सुटी होईपर्यंत. मनाने वाईट नव्हता. हळूभाऊ लागून महिना झाला असेल. रेडिओ शिक्का मारता मारता म्हणाला, "अरे, तू रडकीच्या गल्लीतला ना? म्हणजे तू त्या रडकीचा तर नव्हेस?"

हळूभाऊच्या हातात एक पाकीट होतं. हात हवेत थांबला. मग त्याने ते पाकीट भलत्याच खणात टाकलं. इतक्या वर्षांत त्याच्या हातून झालेली तेवढी एकच चूक. म्हणाला, "हो."

रेडिओ हसला आणि दुसरं काही सांगायला लागला. संध्याकाळी सगळे गेल्यावर हळूभाऊने खोडरबर आणला, माझ्यासमोर उकिडवा बसला आणि शेवटच्या खणावरचं नाव पुसून टाकलं. लाकडावरची पेन्सिल पुसली तरी दाबाची खूण राहते. त्याने बोटाने चाचपून पाहिली आणि मग तसाच बसून राहिला.

एकटा माणूस लाकडाशीही बोलतो. पुढच्या काही वर्षांत, पत्रं लावता लावता, तुकड्यातुकड्याने त्याने मला सांगितलं. तो पाच वर्षांचा असताना बाप जहाजावर कामाला गेला. आधी पत्रं आली, मग थांबली. आई गल्लीच्या तोंडाशी उभी राहून रडायची. शाळेतली पोरं त्याच्यामागे ओरडायची, "रडकीचा, रडकीचा!" गल्लीलाही तेच नाव पडलं. अकराव्या वर्षी तो एकदा दप्तर फेकून आईला म्हणाला, "यापुढे तिथे उभी राहू नकोस. लोक हसतात."

आई म्हणाली, "बरं."

त्यानंतर ती तिथे कधी उभी राहिली नाही. ह्या नोकरीच्या शिक्षणासाठी तो आठ महिने परगावी गेला, तेव्हा पेटी उचलून गल्लीच्या तोंडापर्यंत एकटाच चालत गेला. तोंडाशी कुणी नव्हतं.

"बरं वाटलं बघ मला," तो मला म्हणाला होता. "लाज वाचली."

असं म्हणाला खरा. पण हातातलं पत्र कितीतरी वेळ हातातच होतं.

आई गेली. गल्लीचं नाव काही गेलं नाही. तो त्याच घरात राहिला, संसार केला, मुलगा झाला, सून आली. पण स्वतःचा पत्ता कुठे लिहायचा असला की लिहायचा, 'बेकरीच्या मागे'.

अशी पस्तीस-छत्तीस वर्षं गेली. मग एके दिवशी नगरपालिकेची एक मुलगी आली. हातात जाडजूड फाईल, कानामागे पेन्सिल. रस्त्यांना नव्या निळ्या पाट्या लागणार होत्या. वर कागदावरचं नाव, खाली लोकांच्या तोंडचं, आणि त्याखाली बारीक अक्षरात एक ओळ, हे नाव का पडलं त्याची. तिला कुणीतरी सांगितलं होतं की अख्ख्या गावाचं टपालवाल्या हळूभाऊला ठाऊक आहे.

तीन दुपारी ती स्टुलावर बसली. तो सांगायचा, ती लिहायची. गवंड्याची गोष्ट ऐकून तिने नाक पुसलं आणि म्हणाली, "काका, तुम्ही एवढं बोलता? मला तर सांगितलं होतं, मुके आहात म्हणून."

"पाट्यांचं काम आहे म्हणून बोलतोय."

तिसऱ्या दुपारी ती माझ्यासमोर वाकली. "हा शेवटचा कोरा का?"

"त्याला नाव नाही."

"आहे की. लोक रडकीची गल्ली म्हणतात. मीच दोघा-तिघांकडून ऐकलंय."

"लोक काहीही म्हणतात. ते काढून टाका. चांगलंसं काहीतरी द्या. फुलाबिलाचं."

"त्या गल्लीत फुलं आहेत?"

"नाहीत."

"मग?"

"लावेल कुणीतरी पुढे-मागे."

ती हसली. तो हसला नाही. मग तिने जरा जपून विचारलं, "कुणावरून पडलं हे, माहितीये तुम्हाला?"

"एक बाई होती. रडायची. लोक हसायचे," हळूभाऊ म्हणाला. "एवढंच आहे."

कोण बाई, ते त्याने सांगितलं नाही. मुलीने रकान्यात लिहिलं, 'अपमानास्पद. वगळावे.' माहिती देणारा म्हणून खाली त्याची सही घेतली. वगळायच्या नावांची यादी आमच्या पुढच्या दालनात चिकटवली. कुणाची हरकत असेल त्याने पंधरा दिवसांत, शेवटच्या दिवशी पाचच्या आत, नगरपालिकेत लेखी द्यावी.

त्या पंधरा दिवसांत हळूभाऊ रोज जाता-येता ती यादी बघायचा. मला वाटलं होतं तो खूश असेल. जन्मभराचं पायातलं कुरूप निघणार होतं. पण चालणं काही सुधारलं नाही त्याचं.

पंधराव्या दिवशी दुपारी, साडेतीनच्या सुमाराला, बाहेरून काठीचा आवाज आला. बटणवाली आजी. बाजारात बटणं आणि दोरे विकायची, सगळं गाव तिला ओळखायचं. पार्सल करायला आली होती, भिंतीवरची यादी वाचली, आणि पार्सल खिडकीतच सोडून सरळ मागच्या खोलीत शिरली. तिथे बाहेरच्यांना यायची मनाई होती. तिला कोण सांगणार?

"रडकीचा कुठे आहे?" तिने दारातून विचारलं.

शिक्के थांबले. रेडिओसुद्धा गप्प झाला.

"मी," हळूभाऊ म्हणाला.

"तू होय! म्हातारा झालास की. नाक मात्र अजून तिचंच आहे. मला सांग, कोणत्या शहाण्याने लिहिलंय ते बाहेर? अपमानास्पद म्हणे!"

"मीच."

आजी स्टुलावर बसली. काठी गुडघ्यांत धरली. "तू?"

"आजी, माझ्या आईला लोक हसायचे. मी लहानपणापासून ऐकत आलोय."

"पोरं हसायची. पोरं कशालाही हसतात. तुझ्या ठिगळाच्या चड्डीलाही हसायची, म्हणून काय चड्डी सोडून फिरलास?"

कुणीतरी खुसखुसलं. आजीने तिकडे नुसतं बघितलं.

"बाप गेला म्हणून ती रडायची," हळूभाऊ हळूच म्हणाला. "आणि लोकांना गंमत वाटायची."

"कोण म्हणतं बाप गेला म्हणून? अरे, मी निघाले तेव्हा तुझा बाप ओट्यावर बसून दाढी करत होता! तू तिच्या कडेवर होतास. माझी वेणी ओढत होतास, हावऱ्यासारखा." आजीचा आवाज खाली आला. "चौदा वर्षांची होते मी. परगावी एका घरी कामाला धाडलं मला. घरात सावत्र आई. दारापर्यंत कुणी आलं नाही. मी गाठोडं उचललं आणि निघाले, तर तुझी आई धुणं टाकून आली. ओल्या हातांनी. माझ्याबरोबर तोंडापर्यंत चालली आणि हमसून हमसून रडली. तिचं-माझं बोलणं काय? 'पाणी आलं का?' 'आलं.' तेवढंच आयुष्यात. गाडीत बसल्यावर मला वाटलं, माझ्यामागे कुणीतरी रडतंय. म्हणजे मीही कुणीतरी आहे."

हळूभाऊने हातातलं टपाल टेबलावर ठेवलं.

"सगळ्यांसाठीच रडायची रे ती. गल्लीतून जो निघेल त्याच्यासाठी. फौजेत निघालेली पोरं, नोकरीला निघालेली, सासरी निघालेल्या पोरी. मग बाकीच्या गल्ल्यांतले लोकही पेट्या घेऊन वाकडी वाट करून तिथून जायला लागले. घरचेच सांगायचे, 'रडकीच्या गल्लीतून जा गं. कुणीतरी रडलं म्हणजे माणूस परत येतं.' निम्मे आले नाहीत, ती गोष्ट वेगळी. पण नाव पडलं ते जाणाऱ्यांच्या तोंडून. पोरांनी ते उचललं मागाहून. तुझा बाप तिथून गेलेल्यांतला एक. तो फक्त तुझा बाप होता, म्हणून तुला तोच दिसला."



"मग एकाएकी तिने ते सोडलं," आजी म्हणाली. "का, ते कुणाला कळलं नाही."

"मी सांगितलं होतं," हळूभाऊ म्हणाला.

"काय?"

"उभी राहू नकोस म्हणून. अकरा वर्षांचा होतो."

आजीने काठी एका हातातून दुसऱ्या हातात घेतली. "तरीच," म्हणाली. "तू शिकायला गेलास तेव्हा मी परत आले होते, तुमच्या समोरच्या खोलीत राहायचे. तू पेटी घेऊन निघालास. तुझी आई खिडकीच्या आड उभी. टॉवेलचा बोळा तोंडात धरलेला. मी ओरडले, 'अगं, जा की बाहेर, पोर चाललंय!' तर मान हलवली. बोळा काढून म्हणाली, 'त्याला आवडत नाही.'"

मी लाकूड आहे. मला कुणाला धरता येत नाही. त्या दिवशी मला त्याचं फार वाईट वाटलं. हळूभाऊने एक हात मागे टाकून मला धरलं, म्हणून तो उभा राहिला. त्याच्या बोटांखाली माझी कडीच्या भोकांची फळी होती. अजून तिथे त्याच्या नखाची खूण आहे.

मग आजी म्हणाली, "मला दोन ओळी नीट लिहिता येत नाहीत. हरकत तू लिही. मी अंगठा देते. पाचच्या आत जायला पाहिजे म्हणे."

घड्याळात चार वाजून वीस मिनिटं झाली होती. नगरपालिका गावाच्या दुसऱ्या टोकाला. हळूभाऊने कागदावर दोन ओळी लिहिल्या, आजीचा अंगठा घेतला. मग तो माझ्यासमोर उकिडवा बसला, गुडघे कटकटले, आणि शेवटच्या खणावर पेन्सिलीने पुन्हा ते नाव लिहिलं. जुन्या दाबाच्या खुणेतूनच पेन्सिल गेली. आणि टेबलावर अर्धं टपाल तसंच टाकून, चप्पल नीट पायात न घालता, तो धावत सुटला.

सगळं कार्यालय खिडक्यांशी जमलं. हळूभाऊला धावताना कुणी पाहिलं नव्हतं. रेडिओ मागून ओरडला, "अहो, हळू! हळू!"

पुढचं मला दुसऱ्या दिवशी सकाळी कळलं. तो नेहमीपेक्षा आधी आला आणि खोलीत मी एकटा असताना त्याने सांगितलं. पोचला तेव्हा मुलगी फाईलच्या नाड्या बांधत होती.

"काका, वगळा म्हणून सही तुमची आणि हरकतही तुमच्याच अक्षरात?"

"हो. चुकलं माझं."

"मग कारण लिहा. एका ओळीत हं, पाटीवर जागा नसते."

त्याने तीन कागद वाया घालवले. मुलगी कार्यालय बंद करायची थांबली. शेवटी ओळ झाली, 'गाव सोडून जाणाऱ्या प्रत्येकासाठी इथे एक बाई रडत असे.'

मुलीने ती दोनदा वाचली. मग फॉर्मवरच्या खालच्या रकान्यावर बोट ठेवलं. 'माहिती देणाऱ्याचे त्या व्यक्तीशी नाते.' हळूभाऊने लिहिलं, 'मी रडकीचा.'

"मुलगा, असं लिहायचं असतं काका," ती म्हणाली.

"तेच लिहिलंय," तो म्हणाला.

त्यानंतर तो आणखी पाच वर्षं माझ्यासमोर उभा राहिला. नव्या पोस्टमनला नावं सांगताना आता तो शेवटच्या खणापासून सुरुवात करायचा.

मग पत्त्यावर आकडे घालायचे दिवस आले. पत्रं मोठ्या शहरात यंत्रावर लागायला लागली, आमच्याकडे गठ्ठे बांधूनच यायचे. माझ्यासमोर लोखंडी कपाट आलं. मी दोन वर्षं मागच्या व्हरांड्यात पडून होतो. माझ्यात झाडू, तुटकी कुलुपं, कुणाचा तरी डबा. फळ्या फोडून जाळायला न्यायच्या असं ठरलं होतं. त्याच्या आदल्या दिवशी हळूभाऊ हातगाडी घेऊन आला. निवृत्त होऊन वर्ष झालं होतं. हमालांनी मला उचललं आणि गाडीवर टाकायला गेले.

तो म्हणाला, "हळू. कुणाचं तरी आहे."

गाडी गल्लीत वळली तेव्हा मी पाटी पाहिली. निळी, पांढऱ्या अक्षरांची. चाळीस वर्षं ज्या गल्लीची पत्रं पोटात ठेवली ती गल्ली त्या दिवशी पहिल्यांदा बघितली. साधीच आहे. दोन माणसं छत्री घेऊन समोरासमोर आली तर एकाला छत्री मिटावी लागते. फुलं अजून कुणी लावलेली नाहीत.

आता मी त्याच्या पुढच्या खोलीत, रस्त्याकडच्या खिडकीशी असतो. शिट्टीच्या उतारात सुनेची दोऱ्याची रिळं आहेत. आलोच कोपऱ्यात हळूभाऊचा चष्मा, तो कायम हरवलेला. उंच पायरीत नातीची पुस्तकं होती. शेवटचा खण तो रिकामा ठेवतो. सून म्हणते, "बाबा, एवढी चांगली जागा, मोजे तरी ठेवा." तो म्हणतो, "राहू दे."

गेल्या महिन्यात नात नोकरीला दूरच्या गावी निघाली. सकाळची वेळ, दारात बॅग, आईबाप स्टेशनला जायच्या गडबडीत. नात म्हणाली, "आजोबा, तुम्ही खुर्चीतच बसा हं. तोंडापर्यंत आलात तर मला रडू येईल."

"येऊ दे," तो म्हणाला. "मला तर येणारच आहे."

हातातला चहा त्याने माझ्या डोक्यावर ठेवला. तिच्याबरोबर गल्लीच्या तोंडापर्यंत चालत गेला, एका हाताने भिंत धरत. खिडकीतून मला त्याची पाठ दिसत होती. आधी खांदे हलले. मग आवाज आला. इतक्या वर्षांत मी त्याला रडताना ऐकलं नव्हतं, आईच्या वेळीही नाही. मोठ्यानं रडत होता, तोंड न झाकता. नात म्हणाली, "आजोबा, लोक बघतायत." तो म्हणाला, "बघू दे."

बटणवाली आजी आता राहिली नाही. असती तर तिने काठी आपटली असती.

परवा एक अनोळखी पोरगा पाठीवर पिशवी घेऊन गल्लीतून गेला. स्टेशनचा रस्ता इकडून नाही, हे त्यालाही ठाऊक असणार. पाटीखाली थांबून त्याने ती ओळ वाचली आणि उगाच बुटाची नाडी बांधत बसला. हळूभाऊने वर्तमानपत्र खाली ठेवलं, चप्पल शोधली आणि निघाला.

माझ्या फळ्यांना आता वाळवी लागली आहे. किती दिवस निघतील सांगता येत नाही. माझं मागणं मोठं नाही. एखाद्या कोपऱ्याचं, एखाद्या माणसाचं नाव पुसायचं झालं तर पुसा, तुमची मर्जी. फक्त त्याआधी एखाद्या म्हाताऱ्या माणसाला स्टुलावर बसवून विचारा, हे नाव का पडलं. आणि त्याने सांगितलं तरी आणखी एकाला विचारा.

आणि तुम्हीच कुठे लांब निघाला असाल, मागे कुणी नसेल, तर रस्ता थोडा वाकडा करून इकडून जा. बेकरीला वळसा घातला की निळी पाटी दिसेल. जरा सावकाश चाला. त्याला खुर्चीतून उठायला वेळ लागतो.